दुय्यम नटाची कामगिरी

(संस्थेच्या वार्षिक पारितोषिक वितरण समारंभात केलेल्या भाषणाचा मजकूर)





पारितोषिक वितरणाच्या दिवशी पाहुण्याने थोरामोठ्यांची चरित्रे सांगावीत, अशी आपल्याकडे रीत आहे. ती रीत आज मी थोडी मोडणार आहे. ज्या माणसाबद्दल मी बोलणार आहे तो सिनेमात काम करणारा नट होता. आणि तोही नायक नव्हे, तर नायकाच्या मागे उभा राहणारा दुय्यम नट. शाळेच्या व्यासपीठावर सिनेमाचे नाव ऐकून काही बुजुर्गांच्या कपाळावर आठी पडली असेल, तर त्यांनी मला थोडी सवलत द्यावी. शेवटी विषय शाळेवरच येऊन ठेपणार आहे.

हा विषय निवडण्याचे कारणही सांगतो. गेल्या वर्षी असाच समारंभ आटोपून मी बाहेर पडत असता एका पालकांनी मला थांबवले. ते म्हणाले, "सर, बक्षिसे घेणारी पाच-दहा मुले पुढे जातील, हे खरे. पण माझा मुलगा मधल्या बाकावरचा. तो फार तर कुठे कारकून, नाही तर दुकानात हिशेबनीस होईल. त्याच्या शिकण्याने समाजाचे काय भले होणार?" त्या वेळी मी काही तरी गोड बोलून वेळ निभावून नेली. पण प्रश्न मनात राहिला. आज त्याचे उत्तर द्यावे म्हणून ही हकीकत आणली आहे.

या नटाचे नाव नोबल जॉन्सन. जन्म १८८१ साली अमेरिकेतील मिसूरी राज्यात; बालपण कोलोरॅडो स्प्रिंग्ज या गावी. घराणे कृष्णवर्णीय. वडील घोडे शिकवण्यात वाकबगार होते, आणि पोरवयातच शाळा सोडून नोबल वडिलांबरोबर घोड्यांच्या कामाला लागला. त्याच गावचा त्याचा एक शाळासोबती लॉन चेनी. हा चेनी पुढे मूकपटांचा नामांकित नट झाला. नोबलला मात्र सिनेमाचे दार उघडले ते त्याच्या घोडेस्वारीमुळे. लुबिन नावाची कंपनी कोलोरॅडोत चित्रीकरण करीत असता तिचा एक नट जखमी झाला. त्याच्या जागी घोडा सांभाळू शकेल असा धिप्पाड माणूस हवा होता. सहा फुटांहून उंच असलेला नोबल उभा राहिला आणि कामाला लागला. पहिली भूमिका मिळाली ती अमेरिकेच्या मूळ रहिवाशाची, म्हणजे ज्यांना त्या काळी रेड इंडियन म्हणत त्यांच्यापैकी एकाची.

विद्यार्थी मित्रांनो, मूकपट म्हणजे काय, हे तुम्हांला थोडे समजावून सांगायला हवे. आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली लागला, तो याच जातीचा. पडद्यावर माणसे हलत, पण त्यांचा आवाज ऐकू येत नसे. संवादाऐवजी मधूनमधून लिहिलेल्या पाट्या दाखवीत. सगळा अभिनय चेहऱ्याने आणि शरीराने करावयाचा. यातून एक चमत्कारिक सोय झाली. नटाची भाषा कोणती, उच्चार कोणत्या गावचे, हे प्रेक्षकाला कळत नसे. चित्र काळ्या-पांढऱ्या रंगात असल्यामुळे त्वचेची खरी छटाही कळत नसे. नोबलचा वर्ण उजळाकडे झुकणारा होता. थोडी रंगभूषा केली, पोशाख बदलला, की तो कोणत्याही देशाचा माणूस म्हणून उभा राही.

त्याच्या भूमिकांची यादी पाहिली तर जगाचा नकाशा डोळ्यांसमोर येतो. १९२२ साली रॉबिन्सन क्रूसोच्या कथेवर निघालेल्या मालिकेत तो क्रूसोचा साथी फ्रायडे झाला. १९२४ च्या 'द थीफ ऑफ बगदाद' या गाजलेल्या चित्रपटात तो चक्क आपल्या हिंदुस्थानचा राजपुत्र आहे. बगदादच्या शहजादीला जिंकण्यासाठी दुर्मिळ वस्तू आणायला निघालेल्या राजपुत्रांपैकी हा एक. मूर्तीच्या डोळ्यातला जादूचा स्फटिक तो घेऊन येतो. गंमत अशी की त्याच चित्रपटातला इराणचा राजपुत्र म्हणजे मातिल्द कोमाँ नावाची फ्रेंच बाई आहे, आणि मंगोल राजपुत्र झाला आहे सोजिन नावाचा जपानी नट. बगदादची कथा, पण महत्त्वाच्या पात्रांत बगदादचा कोणी नाही! कोण कोणत्या लोकांचे चित्र उभे करील, हे ठरविण्याचा अधिकार त्या लोकांकडे नव्हताच. ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण पुढची सारी हकीकत याच अधिकाराची आहे.

१९१५ साली अमेरिकेत ग्रिफिथ या दिग्दर्शकाचा 'द बर्थ ऑफ अ नेशन' हा भव्य चित्रपट आला. तांत्रिक दृष्टीने तो फार पुढचा होता. पण त्यात कृष्णवर्णीय माणूस दाखवला होता तो आळशी, अडाणी, नाही तर स्त्रियांवर हात टाकणारा. अशा प्रमुख भूमिका गोऱ्या नटांनी तोंडाला काळे फासून केल्या होत्या. कृष्णवर्णीयांवर अत्याचार करणारी कू क्लक्स क्लॅन ही टोळी त्यात तारणहार ठरवली होती. ती टोळी तोवर इतिहासजमा झालेली होती; त्याच वर्षी ती पुन्हा उभी राहिली. ठिकठिकाणी निषेध झाले, मिरवणुका निघाल्या, बंदीची मागणी झाली. पण चित्रपट चालतच राहिला आणि लाखो लोकांनी तो पाहिला.

आपल्याबद्दल कोणी खोटे चित्र काढले, तर काय करावे? निषेध करावा, हे एक उत्तर. ते चुकीचे नाही. पण नोबल जॉन्सन आणि त्याच्या सोबत्यांना दुसरेही एक उत्तर सुचले. आपण स्वतःच खरे चित्र काढावे! १९१६ साली त्यांनी 'लिंकन मोशन पिक्चर कंपनी' स्थापन केली. कृष्णवर्णीयांनी कृष्णवर्णीयांसाठी काढलेल्या आरंभीच्या चित्रपट कंपन्यांत तिची गणना होते.

ही कंपनी चालवणारे लोक कोण होते, ते ऐका. अध्यक्ष नोबल, म्हणजे दुसऱ्यांच्या चित्रपटांत किरकोळ भूमिका करणारा नट. उपाध्यक्ष जेम्स स्मिथ, हे औषधविक्रेते. चिटणीस क्लॅरेन्स ब्रूक्स, हाही नट. कॅमेरा चालवायला हॅरी गँट नावाचा गोरा छायाचित्रकार. चांगल्या कामासाठी परका माणूस बरोबर आला तर त्यांनी त्याला दूर लोटले नाही. आणि पाचवा माणूस नोबलचा धाकटा भाऊ जॉर्ज. हा जॉर्ज ओमाहा शहरात टपाल खात्यात नोकरीला होता. दिवसा टपालाचे काम, आणि उरलेल्या वेळात कंपनीचा चित्रपट कोणत्या गावी, कोणत्या थिएटरात, किती भाड्याने लावायचा याचा पत्रव्यवहार. पैसा कुठून येई? बराचसा नोबलच्या पगारातून. युनिव्हर्सल वगैरे मोठ्या कंपन्यांत लुटारूचे, टोळीवाल्याचे काम करून तो जे कमवी, ते लिंकन कंपनीत घाली.

कंपनीचा पहिला चित्रपट दोन रिळांचा, म्हणजे जेमतेम अर्ध्या तासाचा. नाव होते 'द रियलायझेशन ऑफ अ निग्रोज ॲम्बिशन', अर्थात एका कृष्णवर्णीयाच्या आकांक्षेची पूर्ती. निग्रो हा शब्द त्या काळी रूढ होता. आज तो अपमानकारक मानतात, म्हणून फक्त नावापुरताच उच्चारतो. त्याची कथा या सभागृहात मुद्दाम सांगण्यासारखी आहे. नायक जेम्स बर्टन हा शेतकऱ्याचा मुलगा. टस्कीगी या संस्थेत शिकून तो स्थापत्य अभियंता झाला आहे. टस्कीगी म्हणजे बुकर टी. वॉशिंग्टन यांनी कृष्णवर्णीयांच्या शिक्षणासाठी नावारूपाला आणलेली प्रसिद्ध संस्था. पदवी घेऊन हा तरुण कॅलिफोर्नियाच्या तेलक्षेत्रात नोकरी मागायला जातो. वर्ण पाहून त्याला नकार मिळतो. पुढे उधळलेल्या घोडागाडीतून तो मालकाच्या मुलीचा जीव वाचवतो आणि त्याला काम मिळते. तेथे जमिनीतली तेलाची लक्षणे अभ्यासताना त्याच्या ध्यानी येते की अशीच लक्षणे आपल्या बापाच्या शेतात आहेत. तो घरी परततो, तेल काढतो आणि गावाचा भरभराटीचा माणूस होतो. नायकाचे काम अर्थात नोबलने केले.

पाहा, दुसऱ्यांच्या चित्रपटात ज्याला भाला किंवा सुरा देऊन उभे करीत, त्याने स्वतःच्या चित्रपटात हाती काय घेतले? अभियंत्याची विद्या. पालकहो, मला तरी ही गोष्ट कोणत्याही भाषणापेक्षा अधिक बोलकी वाटते.

१९१७ साली कंपनीने 'ट्रूपर ऑफ ट्रूप के' काढला. मेक्सिकोतील कारिझाल येथे १९१६ साली झालेल्या चकमकीत अमेरिकेच्या कृष्णवर्णीय घोडदळाने जी झुंज दिली, तिच्यावर तो आधारलेला होता. त्याच वर्षी तिसरा चित्रपट झाला. लोक ते आवडीने पाहात. पण येथेच अडचणींना सुरुवात झाली. मोठ्या कंपनीचा चित्रपट हजारो थिएटरांत लागे आणि खर्च सहज भरून निघे. लिंकन कंपनीला मोजकी थिएटरे मिळत, आणि काही ठिकाणी चर्चची किंवा शाळेची सभागृहे. थोड्याशाच प्रती गावोगाव फिरवायच्या, त्यांचे भाडे जमवायचे, आणि मग पुढच्या चित्रपटाला हात घालायचा. धंदा म्हणून हे गणित कठीणच होते.

खरा आघात मात्र १९१८ साली झाला. नोबल ज्या कंपनीत नोकरीला होता, तिच्याही मालिकांत तो दिसत असे. कृष्णवर्णीय वस्तीत लिंकनचा चित्रपट लागला की लोक नोबलला नायक म्हणून पाहायला तिकडे जात आणि मोठ्या कंपनीची मालिका ओस पडे, असे सांगितले जाते. मालकांनी त्याला निवड करायला लावली: आमची नोकरी, नाही तर तुमची कंपनी. नोबलने लिंकन कंपनीचा राजीनामा दिला.

मित्रहो, येथे मी क्षणभर थांबतो. त्याने असे करावयाला नको होते, असे म्हणणे सोपे आहे. त्याने भाकरी निवडली, असा ठपकाही ठेवता येईल. मी तो ठेवणार नाही. ज्या पगारावर कंपनी चालत होती तो पगारच बंद झाला असता, तर कंपनी तरी कशी चालली असती? दोन्ही वाटा नुकसानीच्याच होत्या. आपणांपैकी किती जणांनी मालकापुढे गप्प बसून मुलांच्या फीचे पैसे आणले आहेत, ते आपले आपल्याला ठाऊक आहे. तेव्हा निवाडा करणे बाजूला ठेवू. पण धडा मात्र घेऊ. कंपनी एका चेहऱ्यावर आणि एका माणसाच्या कमाईवर उभी होती. त्या माणसाचा हात पिरगळला, आणि संस्थेचा श्वास कोंडला. विरोधकाला संस्था मोडावी लागली नाही. एक खांब हलवणे पुरे झाले.

तरीही ती लगेच पडली नाही. क्लॅरेन्स ब्रूक्स नायक म्हणून पुढे आला. १९१८ च्या इन्फ्लुएंझाच्या साथीत थिएटरे बंद पडली, तोही काळ कसाबसा काढला. १९१९ आणि १९२१ साली आणखी दोन चित्रपट झाले. त्यानंतर भांडवल आटले आणि काही काळाने कंपनी बंद झाली. पाच चित्रपट, एवढाच तिचा संसार. पण याच काळात जॉर्जने ऑस्कर मिशो नावाच्या लेखकाशी त्याच्या कादंबरीवरून चित्रपट काढण्याबद्दल पत्रव्यवहार केला होता. बोलणी फिसकटली. मिशोने ठरवले, मग मी स्वतःच काढतो. १९१९ साली त्याने 'द होमस्टेडर' काढला, आणि पुढे जवळजवळ तीन दशके तो चित्रपट काढत राहिला. एका संस्थेचे दार बंद होताना दुसऱ्या माणसाला रस्ता दिसला, हेही लिंकन कंपनीच्या खात्यावर जमा धरायला हवे.

नोबल मात्र दुय्यम नटच राहिला. १९२४ साली बस्टर कीटनच्या 'द नॅव्हिगेटर' या विनोदी चित्रपटात तो नरभक्षकांचा म्होरक्या आहे. आपल्या लोकांचे विद्रूप चित्र पुसायला ज्याने कंपनी काढली, त्यालाच असे सोंग घ्यावे लागले, ही गोष्ट मनाला लागते. १९२७ नंतर बोलपट आले आणि अनेक मूक नटांची कारकीर्द संपली. याची संपली नाही. १९३२ साली 'द मोस्ट डेंजरस गेम' मध्ये तो रंग लावून गोरा रशियन कोसॅक झाला. त्याच वर्षी 'द ममी' मध्ये न्यूबियन सेवक झाला. १९३३ च्या 'किंग काँग' मधला बेटावरचा सरदार तोच. किंग काँग आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. पण त्या सरदाराचे नाव आपण कधी विचारले होते काय? शंभराहून अधिक चित्रपटांत काम करून १९५० साली तो निवृत्त झाला आणि १९७८ साली, वयाच्या ९६ व्या वर्षी वारला.

आता शेवटचा प्रश्न. आज हे सारे आपल्याला कळते कसे? चित्रपट पाहून नव्हे. लिंकन कंपनीच्या पाच चित्रपटांपैकी शेवटच्या 'बाय राइट ऑफ बर्थ' चा काही मिनिटांचा तुकडाच उरला आहे. मूकपटांची फिल्म नायट्रेटची असे. ती भडकन पेटे आणि पेटली नाही तर काळाने चिकट होऊन कुजे. अमेरिकेतील लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ साली प्रसिद्ध केलेल्या अहवालानुसार तेथील मोठ्या मूकपटांपैकी सुमारे ७० टक्के कायमचे नष्ट झाले आहेत. आपल्याकडची स्थिती याहून वाईट. फातमा बेगम या आपल्या देशातील पहिल्या स्त्री दिग्दर्शक. १९२६ चा त्यांचा 'बुलबुले परिस्तान' आज पाहायला मिळत नाही. त्यांची कन्या जुबेदा ज्याची नायिका होती, तो १९३१ चा पहिला हिंदी बोलपट 'आलम आरा', त्याचीही प्रत उरलेली नाही.

मग नोबलची हकीकत वाचली ती जॉर्जमुळे. टपाल खात्यातल्या या माणसाने कंपनीची पत्रे, हिशेब, जाहिराती, वृत्तपत्रांतील कात्रणे फेकून दिली नाहीत. कंपनी बंद पडल्यावरही त्याने कृष्णवर्णीयांच्या चित्रपटांविषयी जे जे छापून येई ते जमवणे सोडले नाही. दशकानुदशके साठवलेला तो संग्रह पुढे लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठाकडे गेला, आणि आज त्या विषयाच्या अभ्यासकाला त्या कागदांचा आधार घ्यावाच लागतो. रिळे गेली, कागद राहिले. पडद्यावर ज्याचा चेहरा कधी झळकला नाही, त्या माणसाने पडद्यावरच्या माणसाला वाचवले.

गेल्या वर्षी मला प्रश्न विचारणारे पालक आज सभागृहात असतील, तर त्यांना माझे उत्तर असे आहे. आपला मुलगा हिशेबनीस झाला, तर संस्थेचा जमाखर्च चोख ठेवू शकेल. टपालात लागला, तर जॉर्जसारखा संध्याकाळी दोन तास बसून पत्रे लिहू शकेल. दुकान चालवू लागला, तर जेम्स स्मिथसारखा कार्यकारिणीवर येऊ शकेल. समाजाच्या संस्था एकट्या नायकाच्या बळावर चालल्या तर त्या नायकाबरोबर थकतात. मधल्या बाकावरची वीस शिकलेली मुले पाठीशी असली, म्हणजे एखादा खांब हलला तरी छप्पर खाली येत नाही. त्या मुलाची फी भरताना हात आखडू नका.

आणि विद्यार्थी मित्रांनो, तुमच्यासाठी एक काम. आपल्या संस्थेच्या पहिल्या वर्षांची पावतीपुस्तके, हजेरीपट, सभांची इतिवृत्ते, जुने फोटो कुणाकुणाच्या घरी ट्रंकेत पडून असतील. घरी गेल्यावर आजी-आजोबांना विचारा. फोटो सापडला तर मागच्या रांगेतल्या माणसांचीही नावे विचारून घ्या आणि पाठीमागे पेन्सिलीने लिहा. पुढच्या रांगेतल्यांची नावे सर्वांना पाठ असतात. मागच्या रांगेतली नावे सांगणारे दरवर्षी कमी होत आहेत. ही कामगिरी सुट्टी संपण्याआधी व्हावी, आणि पुढील वर्षीच्या स्मरणिकेत ती नावे छापली जावीत, अशी मी पदाधिकाऱ्यांना जाहीर विनंती करतो.